विश्लेषण : १८२३ चा पुरावा आहे का? रोहिंग्यांचं नागरिकत्व कागदावर कसं संपलं आणि आपल्या जन्मदाखल्याशी त्याचा काय संबंध?

अहिल्यानगर जिल्ह्यात ज्यानं कधी जातीचा दाखला काढलाय, त्याला काही तारखा तोंडपाठ असतात. अनुसूचित जातीसाठी १० ऑगस्ट १९५०. भटक्या-विमुक्तांसाठी २१ नोव्हेंबर १९६१. ओबीसींसाठी १३ ऑक्टोबर १९६७. त्या तारखेआधीचा, आजोबा-पणजोबांच्या नावाचा एखादा कागद सापडला की घरात दिवाळी. नाही सापडला की शाळेचा निर्गम उतारा, कोतवाल बुकाची नक्कल, जुना फेरफार अशी शोधाशोध सुरू. २०२३ मध्ये कुणबी नोंदींचा शोध सुरू झाला, तेव्हा तर मोडी वाचणाऱ्यांना गावोगावी मागणी आली होती.

आता कल्पना करा. सेतू केंद्रातल्या खिडकीवरचा माणूस सांगतोय, '१९६७ चा कागद चालणार नाही, १८२३ च्या आधीचा आणा.' आणि प्रश्न जातीच्या दाखल्याचा नाही, तर तुम्ही या देशाचे नागरिक आहात की नाही, याचा आहे.

म्यानमारमधल्या रोहिंग्या मुस्लिमांसमोर १९८२ पासून हाच प्रश्न आहे. 'रोहिंग्या' हा शब्द आपल्याकडे सध्या रोज कानावर पडतो, जन्मदाखल्यांच्या बातम्यांत तर हमखास. पण हे लोक कोण आणि त्यांचं नागरिकत्व गेलं कसं, हे फारसं कुणी सांगत नाही. ते समजून घेऊ या. कारण त्यात आपल्यालाही कामाची एक गोष्ट आहे.

रोहिंग्या नेमके कोण?

म्यानमारच्या पश्चिम किनाऱ्यावर, बांगलादेशाला लागून राखाइन प्रांत आहे. त्याचं जुनं नाव आराकान. इथल्या मुस्लिमांपैकी मोठा गट स्वतःला रोहिंग्या म्हणवतो. त्यांची भाषा चितगावच्या बोलीला जवळची आहे.

म्यानमार हा बौद्धबहुल देश. २०१४ च्या जनगणनेनुसार तिथं सुमारे ८८ टक्के लोक बौद्ध आहेत आणि मुस्लिम ४ टक्क्यांच्या आसपास. त्या ४ टक्क्यांतही मोजले न गेलेले, फक्त अंदाजानं धरलेले सुमारे ११ लाख लोक आहेत. त्यात बहुतांश रोहिंग्याच. जनगणनेत 'रोहिंग्या' अशी नोंद करायला सरकारनं नकार दिला होता. 'बंगाली' म्हणा, नाहीतर नोंद नाही, असा पर्याय होता.

१८२३ हेच वर्ष का?

कारण १८२४ मध्ये पहिलं इंग्रज-ब्रह्मी युद्ध सुरू झालं. १८२६ च्या यांदाबोच्या तहानं आराकान इंग्रजांकडे गेला. त्यानंतर शेती, गोदी आणि गिरण्यांच्या कामासाठी भारतातून लाखो लोक ब्रह्मदेशात गेले. १९३७ पर्यंत ब्रह्मदेश ब्रिटिश हिंदुस्थानाचाच एक प्रांत होता. त्यामुळे कोलकात्याहून रंगूनला जाणं म्हणजे परदेशी जाणं नव्हतंच. १९३१ च्या जनगणनेत खुद्द रंगून शहरात निम्म्याहून जास्त लोक भारतीय होते. सावकारी, नोकऱ्या आणि जमिनी यावरून स्थानिकांत राग साचत गेला. १९३० आणि १९३८ मध्ये दंगली झाल्या.

स्वातंत्र्यानंतर ब्रह्मी राष्ट्रवादानं सरळ हिशेब मांडला : इंग्रजांच्या आधी होते ते आपले, नंतर आले ते परके.

हा हिशेब कागदावर सोपा आहे, जमिनीवर नाही. आराकानच्या जुन्या राज्यात मुस्लिम शतकानुशतकं होते. तिथल्या काही बौद्ध राजांनी नाण्यांवर मुस्लिम पदव्या कोरल्या आहेत. १७९९ मध्ये फ्रान्सिस बुकानन या इंग्रज अधिकाऱ्यानं आराकानातल्या मुस्लिमांच्या नावाची 'रूइंगा' अशी नोंद केली आहे. त्याआधी १७८४-८५ मध्ये ब्रह्मी राजानं आराकान जिंकल्यावर हजारो लोक चितगावकडे पळाले होते. इंग्रज राज्य आल्यावर त्यांतले काही परतले, काही नव्यानं आले. दोनशे वर्षांनी या दोघांच्या वंशजांना वेगळं कसं काढणार?

आपल्याकडचंच बघा. १८२३ मध्ये नगर जिल्हा पेशव्यांकडून इंग्रजांकडे येऊन जेमतेम पाच-सहा वर्षं झाली होती. गावागावांतली जमीन मोजणी त्यानंतरच्या दशकांतली. अगदी पाटील-कुलकर्ण्यांच्या घरांतही त्या काळातला, नावानिशी वंश जोडून दाखवणारा कागद किती निघेल?

आधी ते नागरिक होते का?

अनेक जण होते. ब्रह्मदेश ४ जानेवारी १९४८ ला स्वतंत्र झाला. त्या वर्षीच्या नागरिकत्व कायद्यात, ज्याचे आईवडील आणि आजी-आजोबा याच भूमीत राहिले आणि जो इथं जन्मला, त्याला नागरिकत्वाची वाट होती. नंतर राष्ट्रीय नोंदणी कार्डं दिली गेली. ती रोहिंग्यांनाही मिळाली. आराकानचे सुलतान महमूद पंतप्रधान ऊ नू यांच्या सरकारात आरोग्यमंत्री होते. १९६० च्या दशकाच्या सुरुवातीला सरकारी रेडिओवर रोहिंग्या भाषेत कार्यक्रमही लागत.

२ मार्च १९६२ ला जनरल ने विन यांनी सत्ता घेतली आणि चित्र पालटलं. १९७८ मध्ये 'नागमिन' नावाची तपास मोहीम झाली. घुसखोर शोधणं हा जाहीर हेतू होता. सुमारे दोन लाख लोक जीव मुठीत धरून बांगलादेशात पळाले. त्यांतले बहुतेक नंतर परत आणले गेले. चार वर्षांनी नवा कायदा आला.

१९८२ चा कायदा काय सांगतो?

१५ ऑक्टोबर १९८२ च्या या कायद्यानं नागरिकांचे तीन प्रकार केले. त्यांची कार्डंही वेगवेगळ्या रंगांची झाली.

• पूर्ण नागरिक (गुलाबी कार्ड) : कायद्यात नाव असलेले काचिन, काया, करेन, चिन, बर्मन, मोन, राखाइन, शान हे समाज आणि १८२३ पूर्वीपासून स्थायिक असलेले इतर वंशगट.

• सहयोगी नागरिक (निळं कार्ड) : १९४८ च्या कायद्याखाली ज्यांचा अर्ज आधीच प्रलंबित होता ते.

• स्वीकृत नागरिक (हिरवं कार्ड) : ४ जानेवारी १९४८ पूर्वीपासून राहत असल्याचा ठोस पुरावा देणारे आणि त्यांची तिथं जन्मलेली मुलं.

कोणता गट 'आपला' हे ठरवण्याचा अधिकार सरकारनं स्वतःकडे ठेवला. पुढे १३५ गटांची यादी आली. त्यात रोहिंग्या नाहीत.

इथं एक बारकावा आहे. याच कायद्याच्या कलम ६ मध्ये म्हटलंय की, कायदा लागू होताना जो आधीच नागरिक आहे, तो नागरिकच राहील. म्हणजे जुनी कार्डं असलेल्या रोहिंग्यांचं नागरिकत्व कायद्याच्या अक्षरानं गेलंच नव्हतं. मग गेलं कसं? अंमलबजावणीत गेलं. आणि त्यासाठी कलम ७१ उपयोगी पडलं. या कायद्याखाली अधिकार मिळालेल्या यंत्रणांनी आपल्या निर्णयाची कारणं देऊ नयेत, असं ते कलम सांगतं. अपील मंत्रिमंडळाकडे आणि त्याचा निर्णय अंतिम.

अर्ज नामंजूर झाला, पण का झाला, हे सांगायचं नाही. कारणच लेखी नसेल तर त्याला आव्हान कसं देणार? नागरिकत्वाच्या या सगळ्या गोष्टीत हे कलम सर्वात कमी चर्चेतलं आणि बहुधा सर्वात घातक आहे.

मग प्रत्यक्षात काय घडत गेलं?

१९८९ पासून जुनी कार्डं जमा करून नवी देण्याची मोहीम सुरू झाली. अनेक रोहिंग्यांनी जुनं कार्ड खिडकीवर दिलं, नवं मिळालंच नाही. हातातला एकमेव पुरावा गेला. १९९१-९२ मध्ये आणखी सुमारे अडीच लाख लोक बांगलादेशात गेले.

१९९५ पासून पांढरी कार्डं आली. ती तात्पुरती ओळख होती, नागरिकत्वाचा पुरावा नव्हता. तरीही त्यावर २००८ च्या सार्वमतात आणि २०१० च्या निवडणुकीत मतदान करता आलं. मग २०१५ मध्ये सरकारनं जाहीर केलं, ३१ मार्चनंतर पांढरी कार्डं रद्द. मतदानाचा हक्कही गेला.

श्वे माँग यांचं उदाहरण बोलकं आहे. २०१० मध्ये सत्ताधारी पक्षाकडून ते राखाइनमधून खासदार झाले. पाच वर्षं संसदेत बसले. २०१५ मध्ये पुन्हा अर्ज भरला तेव्हा तो बाद झाला. कारण दिलं गेलं की, त्यांच्या जन्माच्या वेळी त्यांचे आईवडील नागरिक नव्हते. देशाचे कायदे करणारा माणूस त्याच देशाचा नागरिक नाही, असं ठरलं.

२५ ऑगस्ट २०१७ ला आर्सा या सशस्त्र गटानं पोलिस चौक्यांवर हल्ले केले. त्यानंतर लष्करानं केलेल्या कारवाईत गावंच्या गावं जाळली गेली आणि सात लाखांहून जास्त लोक सीमा ओलांडून गेले. आज बांगलादेशातल्या कॉक्स बाजार परिसरात दहा लाखांहून जास्त रोहिंग्या छावण्यांत राहतात. गांबियानं २०१९ मध्ये आंतरराष्ट्रीय न्यायालयात म्यानमारविरुद्ध वंशसंहाराचा खटला दाखल केला. जानेवारी २०२० मध्ये न्यायालयानं रोहिंग्यांच्या संरक्षणाचे अंतरिम आदेश दिले.

जाळपोळीची दृश्यं जगानं पाहिली. पण तिची तयारी त्याआधी ३५ वर्षं, कार्यालयातल्या टेबलांवर चालू होती.

हा बौद्ध विरुद्ध मुस्लिम असा वाद आहे का?

धर्माचा वाटा आहेच. विराथू यांच्यासारख्या भिक्खूंनी मुस्लिमांविरुद्ध उघड प्रचार केला. २०१५ मध्ये 'वंश आणि धर्मरक्षणा'चे चार कायदे झाले. पण फक्त धर्मावर बोट ठेवलं तर हिशेब चुकतो.

राखाइनमध्येच कमान नावाचा मुस्लिम समाज आहे. तो १३५ च्या यादीत आहे, म्हणजे कायद्यानं पूर्ण नागरिक. २०१२ च्या दंगलीत मात्र त्यांचीही घरं जळाली. म्हणजे यादीत नाव असल्यानं कागद मिळाला, सुरक्षितता मिळालीच असं नाही. थायलंडही बौद्धबहुल आहे. तिथं दक्षिणेतल्या मलय मुस्लिमांचा सरकारशी जुना, रक्तरंजित संघर्ष आहे. पण ते थायलंडचे नागरिक आहेत.

उलट भूतान बघा. तिथं १९८८ च्या जनगणनेत दक्षिणेकडच्या नेपाळी भाषिकांकडे १९५८ सालची कराची पावती मागितली गेली. १९५७ ची किंवा १९५९ ची चालत नव्हती, अशा तक्रारी झाल्या. एक लाखाच्या आसपास लोक नेपाळच्या छावण्यांत पोहोचले. त्यांतले बहुतेक हिंदू होते.

महाराष्ट्रातल्या वाचकाला 'बौद्ध बहुसंख्याक' हा शब्दच वेगळा वाटेल. २०११ च्या जनगणनेनुसार देशातल्या ८४ लाख बौद्धांपैकी ६५ लाख आपल्या राज्यात आहेत, आणि ते इथं अल्पसंख्य आहेत. इथला बौद्ध धम्म बाबासाहेबांच्या वाटेनं, समान नागरिकत्वाची मागणी करत आला. म्हणून दोष धर्माच्या नावात शोधण्यापेक्षा सत्ता आणि कागद कुणाच्या हातात आहे, ते पाहावं लागतं.

आपल्या राज्याचं ब्रह्मदेशाशी जुनं नातंही आहे. इंग्रजांनी शेवटचा ब्रह्मी राजा थिबा याला १८८५ मध्ये पदच्युत केलं. नंतर रत्नागिरीत ठेवलं. तो १९१६ मध्ये तिथंच वारला. त्याची एक नात रत्नागिरीतच वाढली, तिथंच संसार केला, तिथलीच झाली.

महाराष्ट्रात हा विषय आत्ता का तापला?

जन्माची नोंद एक वर्षाहून जास्त उशिरा करायची असेल, तर पूर्वी प्रथम वर्ग न्यायदंडाधिकाऱ्यांचा आदेश लागे. २०२३ च्या दुरुस्तीनं हा अधिकार जिल्हाधिकारी, प्रांत किंवा त्यांनी नेमलेले कार्यकारी दंडाधिकारी यांच्याकडे, म्हणजे महसूल यंत्रणेकडे आला. त्यानंतर मालेगाव, अकोला, अमरावतीसह काही भागांत असे दाखले बांगलादेशी आणि रोहिंग्यांना दिल्याचे आरोप झाले. जानेवारी २०२५ मध्ये राज्य सरकारनं विशेष तपास पथक नेमलं आणि उशिराच्या नोंदींचं काम थांबवलं. १२ मार्च २०२५ ला नवी कार्यपद्धती आली. त्यात पोलिसांचा अभिप्राय, पुराव्यांची कडक पडताळणी आणि खोटी माहिती दिल्यास गुन्हा, अशा तरतुदी आहेत.

खोटे दाखले शोधणं हे सरकारचं कामच आहे. त्यात वाद नाही. प्रश्न एवढाच की, खोटा दाखला आणि उशिरा काढलेला खरा दाखला यांतला फरक कसा ठरणार. जून २०२५ मध्ये महाराष्ट्रात पकडलेल्या पश्चिम बंगालच्या काही मजुरांना बांगलादेशात पाठवलं गेलं. ते भारतीयच असल्याचं स्पष्ट झाल्यावर त्यांना परत आणावं लागलं.

भारतात नागरिकत्व कशावर ठरतं?

१९५५ च्या नागरिकत्व कायद्यानुसार जन्मतारीख महत्त्वाची :

• २६ जानेवारी १९५० ते ३० जून १९८७ : भारतात जन्म झाला एवढं पुरेसं.

• १ जुलै १९८७ ते २ डिसेंबर २००४ : भारतात जन्म आणि आईवडिलांपैकी एक भारतीय.

• ३ डिसेंबर २००४ पासून : दोघेही भारतीय, किंवा एक भारतीय आणि दुसरा बेकायदा स्थलांतरित नसलेला.

आधार हा नागरिकत्वाचा पुरावा नाही, हे आधार कायद्यातच लिहिलंय. आधार, पॅन किंवा मतदार ओळखपत्र असल्यानं कुणी आपोआप नागरिक ठरत नाही, असं मुंबई उच्च न्यायालयानंही ऑगस्ट २०२५ मध्ये एका जामीन अर्जावर सांगितलं. शिवाय कुणी परदेशी असल्याचा प्रश्न उभा राहिला, तर आपण परदेशी नाही हे त्या व्यक्तीनंच सिद्ध करायचं असतं. १९४६ च्या कायद्यात ही तरतूद होती आणि २०२५ च्या नव्या कायद्यातही आहे.

रोहिंग्यांचं काय? भारतानं १९५१ च्या निर्वासित करारावर सही केलेली नाही. २०१९ च्या नागरिकत्व दुरुस्ती कायद्यात म्यानमार हा देशच नाही. कायदेशीर प्रक्रिया पाळून त्यांना परत पाठवता येईल, असं सर्वोच्च न्यायालयानं एप्रिल २०२१ मध्ये म्हटलं होतं. पण ज्या देशानं कारण न देता त्यांना नाकारलं, तोच देश त्यांना आपले म्हणून कसा घेणार, हा पेच तसाच आहे.

म्यानमार आणि आपल्यात फरक काय?

मोठा फरक आहे. आपल्या नागरिकत्व कायद्यात वंशगटांची यादी नाही. जन्माची तारीख १९५० पासून मोजली जाते, १८२३ पासून नाही. अधिकाऱ्याच्या आदेशाविरुद्ध उच्च न्यायालयात जाता येतं आणि तिथं पहिला प्रश्न विचारला जातो, कारणं कुठं आहेत?

पण काही खुणा ओळखीच्याही वाटतात. आसाममध्ये २४ मार्च १९७१ ही तारीख धरून झालेल्या एनआरसीत ऑगस्ट २०१९ मध्ये १९ लाख लोक यादीबाहेर राहिले, त्यात हिंदू आणि मुस्लिम दोन्ही होते. पुराव्याचा भार माणसावर आणि तपासणी घाईत, असं झालं की कागदाला गरीब असलेले लोक आधी अडकतात. धर्म कोणताही असो.

नगर जिल्ह्यात कोण अडचणीत येऊ शकतं?

पाथर्डी-शेवगावकडचे ऊसतोड मजूर घ्या. बाळ जन्मतं कोल्हापूर-सांगलीकडच्या फडावर, कोपीत. कायद्यानं नोंद जिथं जन्म झाला तिथंच करायची. पट्टा पडला की कुटुंब गावी परततं, नोंद राहून जाते. पारधी वस्त्यांवर आणि पालावरच्या भटक्या कुटुंबांत घरीच झालेल्या बाळंतपणांची हीच कथा.

जिल्ह्यातले सुमारे सात टक्के मुस्लिम पिढ्यान् पिढ्या इथलेच. बागवान, तांबोळी, पिंजारी, अत्तार या नावांतच त्यांचा बाजारातला धंदा सांगितलेला आहे. पण जुन्या शाळा रजिस्टरात जातीच्या रकान्यात अनेकदा फक्त 'मुसलमान'. शिवाय एकाच माणसाचं नाव एका कागदावर 'अब्दुल रहमान', दुसऱ्यावर 'अ. रहेमान' आणि तिसऱ्यावर 'रहिमान शेख'. लिहिणाऱ्या गुरुजींनी जसं ऐकलं तसं लिहिलं. कालपर्यंत त्यामुळे फार तर ओबीसी दाखला अडायचा. रोहिंग्या या शब्दाभोवतीच्या वातावरणात हाच फरक संशयाचं कारण ठरू शकतो.

मग आपण काय करायचं?

• मुलाची नोंद २१ दिवसांत करा. १ ऑक्टोबर २०२३ नंतर जन्मलेल्यांसाठी शाळा, पासपोर्ट, मतदार यादी, सरकारी नोकरी या सगळ्यासाठी जन्मतारीख आणि जन्मस्थळाचा पुरावा म्हणून जन्मदाखलाच लागणार आहे.

• फडावर जन्म झाला तर तिथल्या ग्रामपंचायतीत नोंद करूनच निघा.

• आईवडील आणि आजी-आजोबांच्या शाळेचा निर्गम उतारा, जन्म-मृत्यूच्या जुन्या नोंदी, सातबारा, फेरफार यांच्या साक्षांकित नकला एकदा काढून ठेवा. जुन्या कागदावर 'अहमदनगर' आणि नव्यावर 'अहिल्यानगर' असल्यानं जुना कागद बाद होत नाही.

• नावातले फरक आत्ताच दुरुस्त करा. गरज पडेल तेव्हा वेळ मिळत नाही.

• मूळ कागद कुठंही जमा करू नका. करावाच लागला तर पोहोच घ्या. रोहिंग्यांची जुनी कार्डं अशीच गेली.

• अर्ज फेटाळला तर आदेश लेखी आणि कारणांसह मागा. तो तुमचा हक्क आहे. नाही दिला तर माहिती अधिकारात अर्ज करा.

शेवटचा मुद्दा सर्वात महत्त्वाचा. १८२३ ची अट, १३५ ची यादी, रंगीत कार्डं हे सगळं जुलमी होतंच. पण निर्णयाचं कारण सांगायला कुणी बांधील नव्हतं, म्हणून त्याविरुद्ध दाद मागायची वाटच उरली नाही. आपल्या तहसील कार्यालयात एखाद्या म्हातारीचा अर्ज परत येतो, तेव्हा त्यावर 'नामंजूर'च्या पुढे दोन ओळी कारण लिहिलेलं असतं का, हे बघायला हवं. त्या दोन ओळींवर तिला पुढं अपील करता येतं.